पुठ्ठ्याचं चाक

ओढ्याचं पाणी खाली गेलं आणि चाक वरच राहिलं.

घडलं एवढंच, पण त्या घराचा आवाजच गेला. पाणचक्की आणि राहत्या दोन खोल्या यांच्यात एकच भिंत. चक्की चालू असायची तेव्हा मांडणीवरचे पेले एकमेकांना लागून किणकिणायचे, पातेल्यावरचं झाकण थरथरायचं, आणि बोलायचं तर सगळ्यांना वरच्या पट्टीत बोलावं लागायचं. आता कुणी पाणी प्यायलं तरी घोट ऐकू यायचा. सून अजूनही सवयीने मोठ्याने हाक मारायची आणि मग ओशाळून गप्प व्हायची.

पाऊस यंदा निम्म्यावरच थांबला होता. एरवी चाकाच्या खालच्या फळ्या ढोपरभर पाण्यात असायच्या. वाहतं पाणी त्यांना ढकलत पुढे जायचं, चाक फिरायचं, आणि आत दगडाची वरची तळी खालच्या तळीवर घरघरायची. आता फळ्यांची टोकं जेमतेम ओली होत. पाणी त्यांच्या खालून निघून जायचं, ओळख न दिल्यासारखं. गिऱ्हाइकंही तशीच. डोक्यावर धान्याचं गाठोडं घेऊन पलीकडच्या गिरणीकडे निघालेल्या बायका चक्कीसमोर आल्या की रस्त्याच्या दुसऱ्या कडेला सरकत आणि एकमेकींशी काहीतरी फार महत्त्वाचं बोलायला लागत.

सुनेचा नवरा थंडीत तापाने गेला. मागे राहिली तिघं. सून, सासरे आणि नऊ वर्षांची मुलगी. मुलीला सगळे मुंगी म्हणत, कारण तिचे हात कधी रिकामे नसत. सासऱ्यांना सून मामंजी म्हणायची. चाक त्यांनीच तरुणपणी बांधलेलं. आता त्यांच्या डोळ्यांवर पडदा आला होता. उजेड कुठून येतो एवढं कळायचं, बाकी काही नाही. तरी रोज सकाळी भिंतीला हात लावत ते चाकापर्यंत जात, एका फळीवर तळहात ठेवून उभे राहत, आणि परत येऊन ओट्यावर बसत. मुलगा गेल्यापासून त्यांचं बोलणं अगदी मोजक्या शब्दांवर आलं होतं.

गव्हाच्या ओंब्या पिवळ्या पडायला लागल्या तेव्हा पाटकरी आला. ओढ्याचं आणि टेकडीवरच्या झऱ्याचं पाणी कुणाला किती, हे बघणं त्याचं काम. तो ओट्याखाली उभ्याउभ्याच बोलला.

"बाबा, मी काही नवीन सांगत नाही. नियम तुमच्या वडिलांच्या वेळचा आहे. कापणी संपायच्या आत तुमच्या चाकाचं पीठ माझ्या हातावर पडलं नाही, तर तुमचा पाण्याचा वाटा खालच्या वीटभट्टीवाल्याला जाणार."

मामंजींनी काठी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली.

"ओढ्यात पाणीच नाही तर चाक फिरणार कसं?" सून म्हणाली.

"ते मी कसं सांगू सूनबाई? मी पाणी वाटतो, पाडत नाही." आपलं बोलणं त्याचं त्यालाच लागलं असावं. टोपी काढून त्याने कपाळ पुसलं. "घोटभर पाणी दे. प्यायचं."

तिने पाणी दिलं. तो गेल्यावर बराच वेळ ती तशीच दारात उभी राहिली. चक्की म्हणजे पाण्याचा वाटा. तो गेला की उरतात दोन गोल दगड आणि ओल धरलेल्या दोन खोल्या.

उपाय तिला ठाऊक होता. नवराच सांगायचा. टेकडीवरून झऱ्याचा एक जुना पाट घरामागून जात होता. धार मनगटाएवढीच, पण ती कुठल्याही वर्षी आटत नसे. ते पाणी लाकडी पन्हळीने चाकाच्या डोक्यावर आणायचं, फळ्यांच्या जागी पेट्या बसवायच्या, आणि पाण्याच्या वजनानेच चाक फिरवायचं. पण मामंजींपुढे हा विषय निघत नव्हता. "मामंजी, वरचं पाणी..." एवढं तिच्या तोंडून निघालं की ते काठी चाचपत उठायचे आणि मागच्या बाजूला निघून जायचे. एकदा तर ताट अर्धं टाकून उठले.

ती सुताराकडे गेली. सुतार नवऱ्याचा दोस्त. ती त्याला भाऊजी म्हणायची.

"वहिनी, पेट्या बसवायच्या म्हणजे अर्धं चाक सोलायचं," रंधा बाजूला ठेवत सुतार म्हणाला. "म्हातारबांच्या शब्दाशिवाय मी त्या चाकाला पटाशी लावणार नाही. लहानपणी त्या चाकावर चढलो म्हणून त्यांच्या हातचा मार खाल्लाय मी. डोकं विसरलं, पाठ विसरलेली नाही."

"आणि ते हो म्हणाले तर?"

"तर मजुरी पिठात घेईन. पलीकडच्या गिरणीच्या पिठाला बायको रोज नावं ठेवते, आणि ती नावं माझ्याच नावाला जोडून ठेवते."

घरी येऊन सून चुलीपुढे बसली. मुंगी दोऱ्याच्या रिकाम्या रिळाला काडी लावून भिंगरी करत होती.

"आजोबांना सांगत कशाला बसतेस?" ती खाली मान घालूनच म्हणाली. "त्यांना सांगितलेलं आवडत नाही. हातात दे ना."

"काय देऊ हातात?"

"चाक. छोटं."

पोर म्हणत होती ते खोटं नव्हतं. पीठ चांगलं की वाईट हे या घरात कुणी कधी बोलून ठरवलं नव्हतं. चिमटीत धरायचं, अंगठ्याने चोळायचं, आणि कळायचं. मामंजींचे डोळे गेले होते, हात नव्हते गेले.

दुसऱ्या दिवशी दोघी कामाला लागल्या. बुटांच्या खोक्याचा पुठ्ठा काढला. त्यावर ताटली पालथी ठेवून पेन्सिल फिरवली आणि दोन वर्तुळं कापली. कात्री बोथट होती. कडा दाताने कुरतडल्यासारख्या निघाल्या. मधोमध मुंगीचं रीळ. आस म्हणून विणकामाची सुई. पाणी धरायला पेट्या हव्यात, तर फडताळात औषधाच्या बाटल्यांची टोपणं होती. थंडीभर साठलेली. सुनेने ती काढली, मुठीत धरली, आणि मुलीपुढे ओतली. मुंगीने ती सारख्या अंतरावर मांडून बघितली.

आणि चिकटवायला खळ. पीठवाल्यांच्या घरात काही चिकटवायचं म्हटलं की दुसरं सुचतच नाही. पाकीट असो, पतंग असो, भिंतीचा फाटका कागद असो, पीठ शिजवायचं आणि लावायचं. सुनेने डब्याच्या कोपऱ्यातलं पीठ खरवडून घट्ट खळ केली, टोपण न् टोपण दाबून बसवलं, आणि चाक दिवसभर उन्हात वाळवलं. खडखडीत वाळलं.

नेमका सुतार त्याच वेळी आला. त्याच्यासमोरच मुंगीने चाकावर तांब्याने धार धरली. चाक एकदा फिरलं, दुसऱ्यांदा फिरताना लचकलं, आणि मग एकेक टोपण सुटून टपटप बादलीत पडलं. शेवटी पुठ्ठा रिळावरून ओघळला.

सुतार खाली बसून हसायला लागला. "पाण्यात चालवायच्या चाकाला खळ! वहिनी, हे जगात फक्त तुमच्याच घरात होऊ शकतं. उद्या पिठाची होडी करून त्यात बसाल!"

मुंगी हसली. तिच्याबरोबर सूनही हसली, पार डोळ्यांत पाणी येईपर्यंत. मग एकदम तिच्या लक्षात आलं की थंडीपासून आपण हसलो नव्हतो, आणि ती थांबली.

"तुमचा सरस द्या मग," ती म्हणाली.

"सरसही पाण्यात सुटतो. खिळे देईन, पण पुठ्ठा फाटेल."

सुतार गेल्यावर ती पोत्यांच्या कोपऱ्यात गेली आणि दाभण घेऊन आली. आजवर किती पोत्यांची तोंडं तिने शिवली असतील याला गणती नव्हती. चिकटवणं तिचं काम नव्हतं, शिवणं होतं. हे आधीच कसं सुचलं नाही याचं तिचं तिलाच नवल वाटलं.

नवा पुठ्ठा कापला. मेणबत्त्यांची टोकं वाटीत वितळवून पुठ्ठा त्यात बुडवला. पुठ्ठा पिवळट, जड आणि गुळगुळीत झाला. दोऱ्यालाही मेण चोळलं. मुंगीने गरम खिळ्याने टोपणांना भोकं पाडली, आणि सुनेने एकेक टोपण दोन वर्तुळांच्या मध्ये दुहेरी टाक्याने शिवून टाकलं. टोपणाच्या भोकात मेणाचा थेंब. दाभणाने तिच्या अंगठ्यातून दोनदा रक्त काढलं. संध्याकाळी चाक तयार झालं तेव्हा ते चाकासारखं कमी आणि गळ्यात घालायच्या एखाद्या बोजड दागिन्यासारखं जास्त दिसत होतं. पण ओढून बघितलं तर काही सुटत नव्हतं.

सकाळी अंगणात मांडामांड झाली. दोन विटांवर सुई आडवी ठेवली. सुईच्या टोकाला दोरा बांधला आणि दोऱ्याला चिंधीची पुरचुंडी, आत मूठभर गहू. चाक फिरलं की दोरा सुईला गुंडाळायचा आणि गहू वर यायचे. वरच्या बाजूला तळाला भोक पाडून बूच लावलेली बादली, आणि तिथून चाकापर्यंत उभ्या चिरलेल्या बांबूची पन्हळ.

आधी त्यांनी पन्हळ खाली ठेवून चाकाच्या पायाखालून पाणी सोडलं, ओढ्यासारखं. चाक फिरायला बघे आणि पुरचुंडीचं वजन आलं की थांबे. मग पन्हळ वर उचलली. पाणी चाकाच्या डोक्यावर पडलं.

चाक जागच्या जागी हेलकावत राहिलं. फिरलं नाही.

सुनेचा चेहरा उतरला. मुंगी मात्र जमिनीला गाल टेकवून चाकाकडे बघत होती.

"आई, टोपणांची तोंडं उलटी आहेत. पाणी त्यांच्या पाठीवर पडतंय."

खरंच होतं. शिवताना सुनेने विचारच केला नव्हता. इतकी वर्षं खिडकीतून बघितलेलं मोठं चाक ज्या बाजूला फिरायचं, त्याच बाजूने तिच्या हातांनी टोपणं लावली होती.

मुंगीने चाक उचललं, सुईवर पालथं केलं, आणि पुन्हा ठेवलं. बूच काढलं. पहिलं टोपण भरलं, खाली झुकलं; दुसरं भरलं. चाक सावकाश वळलं आणि मग वळतच राहिलं. पुरचुंडी जमिनीवरून उठली, डुलत डुलत वर आली, आणि सुईला येऊन टेकली.

"आजोबा!" मुंगी ओरडली. "आजोबा, इकडे या!"

सुनेने हाक मारली असती तर ते आले नसते. नातीसाठी आले. तिने त्यांचा हात धरून त्यांना लाकडी पाटावर बसवलं आणि चाक त्यांच्या हातात दिलं. त्यांनी ते कडेने चाचपलं, टोपणं मोजली, आस फिरवून बघितली.

"टाका सूनबाईचा आहे," ते म्हणाले.

मुंगीने चाक जागेवर ठेवलं, पुरचुंडीचा दोरा त्यांच्या बोटांत दिला आणि पाणी सोडलं. दोरा ओढला जाऊ लागला. म्हाताऱ्याने तो जरा दाबून धरला. चाक थांबलं, टोपणं भरली, आणि दोरा बोटांतून पुढे सरकला. त्यांनी पुन्हा दाबला. पुन्हा सरकला.

"ओढ आहे," ते म्हणाले. "खालून एवढी नसते. का गं, सांग बघू?"

मुंगी उकिडवी बसली. "खालचं पाणी नुसतं धक्का मारून पळून जातं. वरचं पाणी टोपणात बसतं, आणि पार खाली येईपर्यंत उतरत नाही."

"बरोबर." त्यांनी बोट पुढे करून चाकाच्या कडेवर हलकेच टेकवलं. पुठ्ठा बोटाखालून सरकत होता. "आता हे सांग. चाकाची वरची बाजू कुठे चाललीय?"

"पुढे. पाणी जातं तिकडे."

"आणि आपल्या मोठ्या चाकाची?"

मुंगीने मान वळवून बघितलं. थांबलेलं चाक बघून काही कळेना, म्हणून तिने हवेत हात फिरवला. खालून पाणी ढकलतं, म्हणजे खालची बाजू पुढे, म्हणजे वरची... "मागे येते," ती म्हणाली. आवाज बारीक झाला. "आपलं चाक उलटं फिरेल?"

"चाकाला त्याचं काही नाही. चाक कसंही फिरेल." म्हाताऱ्याने नातीचा तळहात ओढून आपल्या तळहातावर ठेवला, बोटं तिरपी एकमेकांवर येतील असा. "तळ्यांवर अशा तिरप्या चऱ्या कोरलेल्या असतात. वरच्या तळीवर, खालच्या तळीवर. वरची फिरली की चऱ्या कात्रीसारख्या एकमेकींवरून जातात. दाणा कापत कापत कडेला ढकलतात, आणि पीठ बाहेर पडतं. आता हात उलटा फिरव. बघ, बोटं आत ओढली जातात ना? तसं पीठ आत ओढलं जातं. तापतं, करपतं, बाहेर येतच नाही."

"मग नव्या चऱ्या पाडायच्या. दुसऱ्या बाजूला तिरप्या."

"पाडता येतात. आधी जुन्या घासून दगड सपाट करावा लागतो."

मुंगीला त्यात अवघड काही दिसलं नाही. ती बादली भरायला गेली. पण सुनेच्या हातातला तांब्या तसाच राहिला. त्या चऱ्या तिच्या नवऱ्याने पाडल्या होत्या. हंगामाच्या तयारीला म्हणून दोन्ही तळ्या उघड्या करून, रोज संध्याकाळपर्यंत टाकी-हातोडी घेऊन तो त्यांच्यावर वाकलेला असायचा. काम संपलं आणि त्याला ताप भरला. तो गेला, पाणी गेलं. त्या चऱ्यांमधून गव्हाचा एक दाणाही अजून फिरला नव्हता.

"मला ठाऊक होतं," मामंजी म्हणाले. "तू बोलायला लागलीस की म्हणूनच उठून जायचो. तुला हे सांगावं कसं, तेच कळत नव्हतं."

चाक अजून फिरत होतं. सुनेने वाकून बादलीचं भोक बोटाने बंद केलं.

"नको मग," ती म्हणाली. "राहू दे."

पण राहू देणं तिलाही जमेना. शेतांमधून विळ्यांचे आवाज यायला लागले होते. दुसऱ्या दिवशी धुणं टाकून ती पुन्हा अंगणात बसली. तिने चाक परत पहिल्यासारखं पालथं केलं आणि पन्हळ मागे ओढली, म्हणजे पाणी चाकाचं डोकं ओलांडून न जाता अलीकडच्या अंगावर पडेल. चाक फिरलं, आणि सुलट फिरलं! पुरचुंडी उठली, अर्ध्यावर आली, आणि तिथेच लोंबकळत राहिली. पन्हळीतून वेगाने आलेलं पाणी टोपणांत बसायच्या आधीच उडून बाहेर पडत होतं. तिने पन्हळ बोटभर पुढे केली, मागे केली, तिरपी केली. मध्ये पत्र्याचा तुकडा धरला. गहू थोडे काढले. लुगडं कमरेपर्यंत भिजलं. पुरचुंडी अर्ध्यावरच.

मामंजी केव्हा शेजारी येऊन बसले तिला कळलं नाही. ते कान देऊन ऐकत होते.

"बरंच सांडतंय," ते म्हणाले. "ओढा भरलेला असता तर हेसुद्धा चाललं असतं. मनगटाएवढ्या धारेतलं निम्मं सांडून नाही चालायचं."

"मामंजी, तुम्ही तरी नाही म्हणा."

"रोज नाहीच म्हणत होतो. आता दोरा हातात धरून बघितल्यावर खोटं कसं बोलू?"

"मग पाणी गेलं तर जाऊ दे. मी शेतावर जाईन कामाला. दगड आहे तसा राहू दे."

"राहील की. दगडाला काय होतंय?" म्हातारा ओल्या जमिनीवर काठी टेकून बसला होता. "पण काय करशील त्याचं? त्याच्यावर पोरीला बसवून जेवायला वाढशील?"

ती रडली नाही. तिने पन्हळ उचलून भिंतीला लावली, विटा लावल्या, पुरचुंडी सोडून गहू कोंबड्यांना टाकले. मग आत जाऊन पदर खोचला आणि कोपऱ्यातली पहार ओढून आणली.

मामंजींचा शब्द मिळाल्याने बाहेर सुतार चाकाच्या फळ्या सोलत होता आणि आत वरची तळी उलटायची होती. पहारीखाली लाकडाचे ठोकळे सरकवत, दोर ताणत, तिघांनी मिळून ती कडेवर उभी केली आणि पोत्यांच्या थरावर उताणी पाडली. घर हादरलं. खिडकीतून उजेड दगडावर तिरपा पडला, आणि चऱ्या उठून दिसल्या. मधल्या भोकापासून कडेपर्यंत एकसारख्या, ताज्या, पांढऱ्या.

मामंजी गुडघ्यांवर बसून एकेका चरीतून बोट फिरवत गेले. सबंध दगड त्यांनी असा वाचला. एका जागी बोट थांबलं.

"इथे टाकी घसरलीय त्याची. घाई केली."

"मीच जेवायला हाका मारत होते," सून म्हणाली.

त्यांनी मान हलवली. मग टाकी मागितली. पहिले घाव त्यांनी घातले. सवय हातांत होती, पण अंतर उरलं नव्हतं. चौथा घाव अंगठ्यावर बसला. त्यांनी अंगठा तोंडात धरला. मग टाकी आणि हातोडी त्यांनी तिच्याकडे केली, तिचा चेहरा जिथे असेल असं वाटलं त्याच्या जरा डावीकडे.

"माझ्याने नाही होणार. तू मार. मी बोट ठेवून सांगतो."

"मला येत नाही मामंजी."

"पेन्सिलीसारखी धरू नकोस. दाभणासारखी धर."

तिने दाभणासारखी धरली. पहिला घाव वरवरचा बसला. दुसरा जरा खोल गेला, आणि दगडाचा कपचा उडून तिच्या गालाला लागला. त्या चऱ्यांच्या कडा मोडताना ती आधी डोळे मिटून घ्यायची.

"डोळे मिटून मारतेस," म्हातारा म्हणाला.

"तुम्हाला कसं कळलं?"

"घाव चाचरतो. आंधळा एक पुरे आहे इथे. उघड."

तिने डोळे उघडले.

सकाळी सुरू करायचं आणि उजेड जाईपर्यंत चालायचं. गेरू लावलेली सरळ पट्टी दगडावरून फिरवायची. जिथे लाल डाग उठेल तो उंचवटा, तिथे मारायचं. पुन्हा पट्टी फिरवायची. दगडाची भुकटी केसांत, पापण्यांवर, भाजीत, पांघरुणात. तिच्या हातांच्या कातडीत कपचे रुतून निळे ठिपके पडले. संध्याकाळी बोटं उघडत नसत. मुंगी कोमट पाण्यात धरून ती एकेक सोडवायची. जुन्या चऱ्या आधी उथळ झाल्या, मग नुसत्या रेघा उरल्या, मग ओला हात फिरवला तरच दिसायच्या. एका दुपारी मामंजींनी सगळ्या दगडावरून तळहात फिरवला आणि म्हणाले, "झालं. सपाट." ती बाहेर गेली, तोंडावर पाणी मारलं, आणि परत येऊन बसली.

नव्या चऱ्यांची आखणी मुंगीने केली. पुठ्ठ्याचं चाक शेजारी ठेवून, कुठली बाजू कुठे जाते हे पुन्हा पुन्हा ताडून, तिने कोळशाने तिरप्या रेघा ओढल्या. आजोबांनी तिला दर रेघेला 'का' विचारलं आणि दर रेघेला उत्तर घेतलं. एकदा तिचं चुकलं तेव्हा त्यांनी सांगितलं नाही. तिचं तिला सापडेपर्यंत थांबून राहिले. मग सुनेने त्या रेघांवरून टाकी चालवली, वरची तळी झाली आणि तशीच सपाट करून खालची घेतली. तिच्या चऱ्या नवऱ्याच्या चऱ्यांसारख्या देखण्या नव्हत्या. काही रुंद झाल्या, काही वाकल्या.

शेवटची शेतं कापायची राहिली होती तेव्हा सुताराने पन्हळीचं दार उघडलं. पाणी चाकाच्या डोक्यावर पहिल्या पेटीत पडलं. पेटी भरली. काहीच झालं नाही. दुसरी भरली. मग लाकूड कण्हलं, आणि ते मोठं चाक, जे आजवर कधी त्या बाजूला गेलं नव्हतं, वरून पुढे झुकलं.

"चाललं!" सुतार ओरडला. "म्हातारबा, उलटं का होईना, चाललं तुमचं चाक!"

मामंजी चाकाजवळ नव्हते. ते आत तळ्यांपाशी कडेला हात धरून बसले होते. सुनेने दाणे सोडले. घरघर सुरू झाली. आधी खडबडीत, दगडाला दगड बोचल्यासारखी, मग जरा भरीव. कडेने काहीच येत नव्हतं. मग म्हाताऱ्याच्या बोटांवर राखाडी पांढरी रेघ साचली, वाढली, आणि ओघळून घमेल्यात पडायला लागली.

पाटकरी दारात उभा होता. चाकाचा आवाज वाटेवरूनच ऐकून आला असावा. त्याने तळहात पुढे केला. मामंजींनी त्यावर मूठभर पीठ ठेवलं.

"तोंडात टाकू नका," ते म्हणाले. "टाकी लावल्यानंतरचं पहिलं पीठ आहे. दगडाची भुकटी असते त्यात. ते खात नाहीत."

"माझा नियम पिठाचा आहे बाबा, खायचा नाही." पाटकऱ्याने पीठ चोळून बघितलं, उरलेलं अलगद परत घमेल्यात झटकलं, आणि हात मात्र लगेच पुसला नाही. "वाटा तुमचा राहिला," जाता जाता तो म्हणाला. "भट्टीवाल्याला मी सांगतो."

घमेलं भरलं. पहिलं पीठ ओढ्यात सोडायचं, हे त्या घरात दर टाकीनंतर होत आलेलं. त्यात विचार करण्यासारखं कधी काही नव्हतं. सुनेने घमेलं उचललं, मागच्या दारापर्यंत गेली, आणि उंबऱ्याशी थांबली. पिठाला नेहमीचा पांढरा रंग नव्हता. मळकट राखाडी होतं ते. दोन्ही तळ्यांवरच्या नवऱ्याच्या चऱ्यांचं जेवढं काही उरलं होतं ते यात होतं.

"टाकलंस?" आतून मामंजींनी विचारलं.

"नाही."

ते उठले. भिंतीला हात लावत आले, तिच्या खांद्यावरून खाली चाचपत घमेल्याची कड शोधली आणि एका बाजूने धरलं. दोघं ओढ्याच्या काठापर्यंत गेली. पाणी घोट्याएवढंच होतं, स्वच्छ, तळाचे गोटे दिसत होते. तिने आपली बाजू खाली केली, त्यांनी आपली वर. पीठ पाण्यावर पसरलं आणि क्षणभर ओढा पांढरा झाला. मागे चाक उलटं फिरत होतं.

"गेलं?" त्यांनी विचारलं.

ती वाकून बघत होती. "पीठ गेलं वाहून. भुकटी इथेच बसलीय. तळाला, गोट्यांच्या मध्ये."

म्हाताऱ्याने मान हलवली. रिकामं घमेलं त्यांनी स्वतःच्या हातात घेतलं.

"चल आत," ते म्हणाले. "दाणे संपत आले असतील. तळ्या रिकाम्या फिरता कामा नयेत."